बनुबाईच्या मोरीची रेघ

पलूसच्या अलीकडं आमचं गाव. गावात सगळ्यात आधी हवालदाराच्या घरात सैपाकघराला मोरी झाली, असं लोक अजून सांगतात. सांगोत बापडे. पण ती मोरी होऊ नये म्हणून याच हवालदारानं कशी आडकाठी घातली, हे सांगायला कुणाची जीभ उचलत न्हाई. मोरी झाली ती त्याच्या थोरल्या भावजयीमुळं, बनुबाईमुळं. तिचं नाव कुणाच्या तोंडी येत न्हाई, म्हणून हे लिहायचं.

बनुबाई विट्याकडची. तात्याबाच्या घरात थोरली सून म्हणून आली. तात्याबा उसाचा मोठा बागायतदार, आवाज असा की बांधावर खोकला तर गोठ्यातली म्हसरं कान टवकारायची. त्याचा थोरला मुलगा आप्पासो हा बनुबाईचा नवरा. बापापुढं उभा राहिला की त्याचं तोंड आपोआप मिटायचं. धाकटा मानसिंग, तो पलटणीत हवालदार. सासू कधीच गेलेली. म्हणजे घरचे पुरुष, शेतावरचे गडी, आलागेला पाव्हणा, या सगळ्यांची चूल आणि सगळ्यांचं खरकटं एका बाईच्या अंगावर.

भांडी घासायची जागा कुठं, तर मागल्या परड्यात, गोठ्याच्या कडेला. एक बसका दगड, शेजारी राखेचं गाडगं. पावसाळ्यात डोक्यावर पोत्याची खोळ घेऊन ती तिथं बसायची. वरनं पाऊस, खालनं शेणाचा राडा, आणि घासलेली पितळी जरा नजरेआड झाली की कुत्र्यानं तोंड घातलंच. एका श्रावणात पाण्याचा हंडा घेऊन येताना पाय सरकला आणि उजवं मनगट मोडलं. हाडवैद्यानं बांधलं, पण वाकडं बसलं. त्यावर तात्याबा काय म्हणाला? हंड्याला पोचा आला, म्हणाला.

त्या दिवसापासनं जड भांडं उचललं की तिच्या मनगटातनं कळ निघायची. मनात एकच गोष्ट बसली होती. चुलीपासनं हात लांब केला की मोरी लागावी. पाणी आत, राख आत, डोक्यावर छप्पर. दुसरं काय मागत होती ती? पाटल्या न्हाई, लुगडं न्हाई.

लढाई संपली आणि शेहेचाळीस साली मानसिंग इटली बघून घरी आला. आल्याबरोबर नवं घर बांधायचं ठरलं. बनुबाईनं दिराला गाठलं.

"भावजी, नव्या सैपाकघरात मोरी काढा. मामंजींच्या कानावर तुमीच घाला."

"वैनी, सैपाकघरात खरकटं पाणी? देवाऱ्याच्या भिताडाला?" मानसिंग हसला. "आणि जागा कुठली? म्होरं माझी बैठक येनार हाय. खुर्च्या मांडायच्या, बिल्ल्यांची चौकट लावायची. सायेब लोक येत्याल."

"कोन सायेब येतोय हितं, ऊस खायाला?"

"येत्याल की कवा तरी."

कवा तरी येणाऱ्या सायबाला जागा होती. रोज दोन वेळा घासणारीला नव्हती. हा हिशेब त्या घरात कुणालाच वाकडा वाटला न्हाई.

आखणीचा दिवस उगवला. गवंडी रहिमान पलूसचा, हाताचा सरळ माणूस. रेघा मारायच्या चुन्याच्या फक्कीचं घमेलं आणि दोरी घेऊन तो सकाळीच आला. आता आमच्याकडं सैपाकघराचं माप कसं काढायचे, ते ऐका. घरातल्या पुरुषांना मोकळ्या जागेत जेवायला बसल्यासारखं मांडी घालून ओळीनं बसवायचं. पहिल्याच्या गुडघ्यापासनं शेवटच्याच्या गुडघ्यापर्यंत रेघ मारली की झाली लांबी. त्यापुढं वाढणारीला जायला वाट आणि पलीकडं चूल. बस्स. जेवणाऱ्याचा गुडघा मापात धरायचे, पण रांधणारी कुठं बसते, घासणारी कुठं बसते, हे कुणी बघायचं न्हाई. बापजाद्यापासनं असंच चाललेलं. आणि वाढायची वाट तरी केवढी ठेवली? ताट घेऊन आडवं चालावं लागंल एवढी.

तात्याबा बसला, आप्पासो बसला, मानसिंग बसला, दोन पाव्हण्यांची जागा म्हणून दोन गडी बसवले. रहिमाननं फक्की टाकली. पलीकडं हवालदाराच्या बैठकीचा ऐसपैस चौकोन आखला. उन्हं चढली तशी तात्याबानं सांगितलं, शुभ काम हाय, आजचं जेवान हितंच होऊ द्या, नव्या सैपाकघरात.

बनुबाईनं जुन्या घरातनं पाट्या भरून जेवण आणलं. सगळे रेघेच्या आत बसून जेवले. रहिमान आपली भाकरी फडक्यातनं सोडून लिंबाखाली खात बसला. हात धुऊन माणसं ढेकर देत सावलीला सरकली. पितळ्या तिथंच पडल्या.

बनुबाईनं पितळ्या गोळा केल्या. पण परड्याकडं गेली न्हाई. जुन्या घरातनं तवा आणला, कालवणाचं पातेलं आणलं, काटवट आणली, राखेचं गाडगं आणलं. सगळा पसारा हवालदाराच्या बैठकीच्या चौकोनात मांडला आणि पदर खोचून घासायला बसली. खरकटं पाणी वाहत निघालं. फक्कीच्या रेघा एकेक करून धुऊन गेल्या.

"वैनी, आवं माझी बैठक," मानसिंग उठून उभा राहिला.

"सरका भावजी. अंगावर उडंल."

तात्याबा लिंबाखालनं आला. सून सासऱ्याशी थेट बोलत नसे, सासराही सुनेशी बोलत नसे. सगळं तिसऱ्याच्या तोंडानं. तात्याबा गवंड्याला म्हणाला, "रहिमान, सूनबाईला इचार, ह्यो काय तमाशा मांडलाय."

बनुबाईनं पदर पुढं ओढला आणि तीही गवंड्यालाच म्हणाली, "रहिमानमामा, मामंजींना सांगा, गडीमानसं बसली तशी मी बी मापाला बसलीया. माझ्या गुडघ्यापासनं ह्या पातेल्यापातूर रेघ मारा."

रहिमान फक्कीची मूठ धरून दोघांच्या मधे उभा. कुणाचं ऐकावं?

"मारू नगंस," तात्याबा म्हणाला.

"मग आनखी एक सांगा मामा," बनुबाईनं तवा उपडा केला. "मोरी न्हाई तर आजपासनं ज्यानं त्यानं आपली पितळी घासायची. भावजी चावडीत बसून सांगत्यात न्हवं, पलटनीत हवालदारापातूर सगळे आपापली थाळी सोता घासत्यात म्हनून? सा वर्सं घासली. गाडीतनं पलूसला उतरल्याबरोबर हात गळालं काय?"

गडी खाली बघून हसले. मानसिंगचे कान तांबडे झाले. "पलटनीची गोष्ट येगळी, वैनी."

"येगळी कशानं? थितलं खरकटं चिकटत नसतंय व्हय?"

आप्पासोकडं सगळ्यांनी बघितलं. तो आभाळाकडं बघत होता. जल्मभर बघत राहिला.

बनुबाईनं घासायच्या राहिलेल्या पितळ्या उचलल्या. मानसिंगची मानसिंगपुढं ठेवली, आप्पासोची आप्पासोपुढं. तिसरी तात्याबाच्या पायाशी ठेवली आणि वर मूठभर राख.

गावचा एक माणूस रस्त्यानं चालला होता, तो थांबला. मग दुसरा थांबला. तात्याबानं पितळीकडं बघितलं, रस्त्याकडं बघितलं. देवाऱ्याचं भिताड, घराची रीत, सगळं त्याला मघापर्यंत आठवत होतं. स्वतःची पितळी घासायची पाळी आली तसं सगळं इसरला.

"मार रं रेघ," तो रहिमानला म्हणाला. "मोरीची जागा बैठकीतनं काढ."

तिचं वाकडं मनगट बघून कुणाला पाझर फुटला न्हाई. राखेत हात घालायची लाज वाटली, म्हणून मोरी झाली. हे असं होतं.

रहिमाननं मात्र मोरी मनापासनं केली. शहाबादी फरशी घातली, पाण्याला ढाळ दिला, वर उजेडाला झरोका काढला. घरात राहायला गेले आणि चार दिवसांत हवालदाराला मोरीचा शोध लागला. छप्पर हाय, चुलीवरचं ऊन पाणी हाताशी हाय. सकाळी घंगाळ घेऊन तो आत बसायला लागला. साबणाचा फेस, गाणी, आणि बनुबाई भांड्यांची पाटी घेऊन दारात उभी.

"वैनी, थांबा जरा."

ती दोन सकाळी थांबली. तिसऱ्या सकाळी मानसिंग पंचा खांद्यावर टाकून आला तर घंगाळ परड्यात, गोठ्याच्या कडेला, त्या बसक्या दगडावर ठेवलेलं. पाणी भरलेलं, शेजारी साबण.

"वैनी, तिथं कुत्री येत्यात, राडा हाय," तो वरडला.

आतनं पातेलं घासल्याचा आवाज येत राहिला.