टिचकीमावशीचा डावा हात

कपबशांच्या त्या कारखान्यात तिचं खरं नाव फक्त पगारपत्रकाला ठाऊक होतं. बाकी सगळ्यांची ती टिचकीमावशी. भट्टीतून निघालेला प्रत्येक कप तिच्यापुढे यायचा. डाव्या हाताच्या तीन बोटांवर कप तोलायचा, उजव्या हाताच्या नखाने काठाला टिचकी मारायची, की निकाल. खणखणीत वाजला तर रंगकामाला, बद्द वाजला तर फुटक्यांच्या टोपलीत. दिवसाला हजार-बाराशे कप, सत्तावीस वर्षं. इतक्या वर्षांत माणूस एक तर वेडा होतो नाही तर विचार करायला लागतो. मावशीने दोन्ही थोडं थोडं केलं होतं.

"कप म्हणजे काय गं?" जेवणाच्या सुट्टीत ती विचारायची आणि उत्तरही स्वतःच द्यायची. "थिजलेला आवाज. टिचकी मारली की घटकाभर जागा होतो आणि स्वतःला ऐकतो, या काठापासून त्या काठापर्यंत. जिथे त्याचं ऐकणं तुटतं, तिथे भेग. माणसाचंही तेच. आपण जागेच राहिलेले आवाज, एवढाच काय तो फरक."

"मग माझी सासू?" शेजारची रंगारीण विचारायची. ती कपांच्या काठावर निळी रेघ ओढायची, आणि मावशीशी तिची जुनी गट्टी.

"ती थिजायचं नाव न घेणारा आवाज."

रंगारणीला ठसका लागायचा. पण हसून झाल्यावर कधीतरी तीच हळूच म्हणायची, "तुझं ते खरंय हं. सासरे गेले तेव्हा आमचं घर महिनाभर बद्द वाजत होतं." त्या एका वाक्यावर मावशीचा आठवडा जायचा.

एक गोष्ट मात्र तिने रंगारणीलाही सांगितली नव्हती. चार वर्षांपूर्वी तिचे कान उतरले होते. बोलणाऱ्याचं तोंड समोर असलं की बोलणं समजायचं. पण बारीक, उंच आवाज गेले. कुकरची शिट्टी गेली, दारावरची घंटा गेली, आणि एका सकाळी कपाची खणखण गेली. मग दुपारपर्यंत ध्यानात आलं, की डावा हात ऐकतोय. चांगल्या कपाची थरथर बोटांत फिरून परत येते. भेगेच्या कपाची वाटेत कुठेतरी मरते. म्हणजे आपण म्हणत होतो तेच. आवाज काही कानाच्या बापाचा नाही. चार वर्षांत तिने पास केलेला एकही कप परत आला नाही. पण आपलं म्हणणं खरं ठरल्याचा आनंद तिला तोंड दाबून करावा लागला. बोलली असती तर नोकरी गेली असती.

मग हातमोजे आले.

पॅकिंगमध्ये कुणाचंतरी बोट कापलं आणि वरून हुकूम सुटला: रबरी हातमोज्यांशिवाय मालाला हात लावायचा नाही. मावशीने मोजे चढवले, टिचकी मारली. उशीला मारल्यासारखं वाटलं. दोन दिवस ती नुसती अंदाजाने टोपल्या भरत राहिली. तिसऱ्या दिवशी तिने रंगारणीची कात्री घेतली आणि डाव्या मोज्याची तीन बोटं छाटली. दुपारी साहेबाने बघितलंच.

"मावशी, हे काय?"

"बोटं कोंडतात, साहेब."

"कोंडू देत. तुम्ही कानाने तपासता ना? मग मोज्याने काय अडलं?"

घाम येतो म्हणाली असती तरी भागलं असतं. पण सत्तावीस वर्षं खरं-खोटं निवडण्यात गेली होती. खोटं तोंडात घोळेना. तिने सगळं सांगून टाकलं.

साहेबाने शांतपणे ऐकून घेतलं. "म्हणजे चार वर्षं तुम्ही ऐकू येत नसताना माल पास करताय."

"एक तरी परत आला का?"

"नाही आला. उद्या आला तर वर काय सांगू? आमच्या मावशी बोटांनी ऐकतात?"

"शंभर कप ठेवा समोर. मोजे काढते आणि दाखवते."

"मोजे काढायचे नाहीत, मावशी. तोच तर नियम आहे."

कानांची तपासणी झाली, कागद आला. पंधरा दिवसांनी निरोप ठरला, आणि तिच्या जागी मोजे घातलेली एक नवी मुलगी बसली. नोकरीचं दुःख होतंच. जिव्हारी लागलं ते रंगारणीचं बोलणं.

"म्हणजे थिजलेला आवाज, जागा आवाज, ते सगळं तू कान झाकायला रचलं होतंस होय?"

"अगं, कान धड होते तेव्हापासून सांगतेय. तू साक्षीला आहेस की."

"असेन. आता आठवायला गेलं की सगळं तसलंच वाटतं." आणि तिने मान वळवून निळी रेघ ओढायला घेतली. मान वळली, की पुढचं मावशीला ऐकू येत नव्हतं.

निरोपाच्या चहाला त्याच आठवड्याच्या, नव्या मुलीने पास केलेल्या मालातले कप काढले होते. मावशीने आपला कप चहा ओतायच्या आधी सवयीने बोटांवर धरला, टिचकी मारली. थरथर कपाच्या कानापाशी गेली आणि तिथेच मेली.

"साहेब, याच्या कानाशी भेग आहे."

"आज तरी सुट्टी घ्या, मावशी." सगळे हसले, रंगारीणही. साहेबाने तो कप तिच्या हातातून घेतला, काठोकाठ वाफाळता चहा ओतून घेतला आणि सगळ्यांदेखत शेवटच्या घोटापर्यंत प्यायला. कप तसाच. टाळ्या पडल्या. भेगेचा कप काय, सांगितल्या दिवशी थोडाच फुटतो.

निघताना मावशीने तो कप पिशवीत घातला. फाटकावर वॉचमनने पिशवी उघडली.

"मावशी, आजवर चमचा नेला नाहीत, आणि जाता जाता कप?"

"फुटका आहे, बाबा. कुणाच्या हाती लागू नये म्हणून नेतेय."

वॉचमनने कप उंच धरला, काठावर दोनदा नख मारलं आणि कान लावला. मावशीला नख हललेलं तेवढं दिसलं.

"चांगला वाजतोय की."

त्याने कप खिडकीत आपल्या थर्मासशेजारी ठेवला.

"त्यात गरम ओतू नकोस," ती म्हणाली.

"मग चहाच्या कपात ओतू तरी काय?" तो हसला, आणि तिच्यामागे फाटक लावून घेतलं.