पोह्यांच्या ट्रेमधलं पुस्तक

मला बायपोलर आहे.

तुमच्यापैकी निम्म्या लोकांना हे आत्ता या पोस्टमुळे कळतंय. माझ्या सासऱ्यांना लग्नाच्या आधीपासून माहीत होतं.

त्यांना, आमच्या आबांना, जाऊन आज वर्ष झालं, म्हणून लिहितेय.

लग्नाआधी आम्ही अंबडला राहायचो. मी शाळेत शिकवत होते. आजार कॉलेजात असताना कळला होता, औषधं चालू होती, तब्येत ठीक होती. मावशीचं म्हणणं एकच, पाहुण्यांसमोर गोळ्यांचा विषय काढायचा नाही. एकदा लग्न झालं की सगळं सुरळीत होतं म्हणे.

मला ते पटत नव्हतं. जन्मभर बाथरूममध्ये लपून गोळ्या घ्यायच्या का मी?

आष्टीहून पाहुणे आले. मुलगा गणेश, त्याची आई आणि आबा.

मी पोह्यांचा ट्रे घेऊन बाहेर गेले. ट्रेमध्ये प्लेटांच्या शेजारी एक पुस्तक होतं. बायपोलर म्हणजे काय, घरच्यांनी काय करायचं, असं सगळं सोप्या मराठीत. माझ्या डॉक्टरांनी सुचवलेलं.

म्हटलं, "हा आजार मला आहे. वाचा आणि मग कळवा."

पप्पा फरशीकडे बघत बसले. मावशीचा चेहरा तर विचारूच नका.

आबांनी रुमालाला हात पुसले, पुस्तक उलटसुलट करून पाहिलं आणि म्हणाले, वाचून आणून देतो.

ते गेल्यावर आई म्हणाली, स्थळही गेलं आणि पुस्तकही गेलं.

पण आबा आले. आठ-पंधरा दिवसांनी, गणेशच्या मोटारसायकलवर मागे बसून, घरच्या मोसंबीची पिशवी घेऊन. 'पत्रिका जुळत नाही' हे ऐकायची आमची तयारी होती. त्यांनी मला समोर बसवून विचारलं, झोप बराबर लागते का, गोळ्या चुकत तर नाहीत ना, आमच्याकडे आल्यावर दाखवायचं कुठं.

मग पप्पांकडे वळून म्हणाले, "पोराला आधी वाचाया लावलं. त्यो हो म्हनला, मंगच निघालो."

लग्न झालं.

त्या पुस्तकात झोपेवर अख्खं एक प्रकरण होतं. ते आबांनी फारच मनावर घेतलं. सुनेनं सगळ्यांच्या आधी उठायचं, हा आमच्याकडचा अलिखित कायदा. आबांनी तो मोडला आणि सकाळचा चहा स्वतः करायला लागले. चुलत सासूबाईंनी ही बातमी गावभर केली. चहा अति गोड व्हायचा, एवढीच माझी तक्रार.

पुढे त्यांना वाचायचा नादच लागला. मोसंबी घेऊन जालन्याला गेले की जुन्या जालन्यातल्या पुस्तकांच्या दुकानात चक्कर ठरलेली. ह्याच्यावर अजून एखादं आलं का? एक डॉक्टरांनी लिहिलेलं आणलं, एक हाच आजार असलेल्या बाईंनी लिहिलेलं. त्यांना बाईंचं जास्त आवडलं. म्हणायचे, डॉक्टरनं भायेरून पाह्यलंय, ही बाई आतून सांगून राह्यली.

आणि इथेच घोळ झाला.

मी जोरात हसले की आबा चष्म्यावरून बघणार. भराभर बोलले की विचारणार, गोळी घेतली का? एका दिवाळीत माझी मैत्रीण आली होती. आम्ही दोघी पोट धरून हसत होतो, तेवढ्यात आबा दारात आले आणि तिच्यासमोर गोळीचं विचारून गेले.

मी भडकले. त्यांच्या मागे गेले आणि म्हटलं, "आबा, मला या घरात खूश व्हायचीही चोरी आहे का?"

सासऱ्यांशी असं बोलतात?

आबा मोसंबीच्या बागेकडे निघून गेले. मला वाटलं, संपलं. आता हा माणूससुद्धा माझ्याकडे पेशंट म्हणूनच बघणार.

संध्याकाळी आले आणि खुर्ची ओढून माझ्यासमोर बसले.

"पुस्तकात आजार लिहेल हाय, पोरी. तू न्हाई लिहेल. तू हासती कशी, चिडती कशी, हे तुलाच सांगावं लागंल. मी शिकून घेतो."

मला रडूच आलं. मग सांगितलं. खूश असले की मला भूक लागते. आजार चढायला लागला की जेवण विसरते आणि झोप नकोशी होते. आणि भांडी आदळते तो आजार नाही, ते माझ्या माहेरचं आहे.

आबा खूप हसले.

नंतर एकदा आजार खरंच चढला. मला मात्र मी एकदम मस्त आहे असं वाटत होतं. घरात कुणाला न सांगता सगळ्या गल्लीला जेवायचं आमंत्रण देऊन आले. आबांनी फक्त माझं ताट पाहिलं, सकाळपासून तसंच होतं. गणेशला म्हणाले, आजच दवाखान्यात घेऊन जा.

आणि गल्लीचं काय? आबा म्हणाले, सुनेनं बोलावलंय तर जेवू घालू.

जेवणावळ झाली. कुणाला काही कळलं नाही. डॉक्टरांनी औषध बदललं आणि काही आठवड्यांनी मी पुन्हा शाळेत जायला लागले.

गेल्या वर्षी आबा अचानक गेले. हार्ट अटॅक.

माझं रडणं थांबेचना. नातेवाईक कुजबुजायला लागले, हिचं 'ते' सुरू झालं वाटतं. गणेश घाबरला. डॉक्टरांना फोन लावायला लागला.

सासूबाई उठल्या. त्यांनी यातलं एकही पुस्तक कधी उघडलेलं नाही. आबा ते सगळं त्यांना रोज सांगायचे, तेवढंच.

सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाल्या, "गोळी येळेवर दे तिला. बाकी रडू दे. बाप गेलाय तिचा."

गणेशनं फोन ठेवला. मी सासूबाईंच्या मांडीवर डोकं ठेवून पोटभर रडले. कुणालाही न घाबरता.

आबा, तुमच्या सुनेचा नमस्कार.