किहीमची जर्मन संकलक

मुलांनो, तुम्ही फोनवर सिनेमे कापता-जोडता असं तुमची आई म्हणाली, म्हणून हे आता लिहिते.

पन्नासच्या दशकात किहीमला आमच्या शेजारी एक जर्मन बाई राहायला आली होती. बर्लिनमध्ये दुसऱ्यांचे सिनेमे कापता कापता ती स्वतः पटकथा लिहायला लागली होती. इथे ती कोळ्यांवर स्वतःचाच सिनेमा करत होती. भर उकाड्यात पांढरे हातमोजे घालून ती फिल्मची पट्टी खिडकीशी धरी, मान तिरकी करून बघे आणि मगच कात्री चालवी. मी तिची दुभाषी होते.

मासे विकायला येणारी कोळीण तिला चिडवायची, "म्हावरं पन मोजं घालून खातेस का गो बाय?"

एकदा बाईनं तिला भिंगातून पट्टी दाखवली. जाळं ओढणाऱ्यांत तिचा नवरा होता. चित्रीकरणानंतर तो समुद्रात बुडाला होता आणि घरात त्याचा एकही फोटो नव्हता.

"ह्याला नको कापू गो. माजा घरवाला हाय."

मी ते बाईला तिच्या भाषेत सांगितलं. बाईनं पट्टी पुन्हा खिडकीशी धरली. मग म्हणाली, "सिनेमात ठेवला तर तो माझ्याबरोबर जर्मनीला जाईल. कापला तर हिच्याकडे राहील."

तिनं तो कापून कोळणीच्या हातात दिला.

तो सिनेमा मी कधीच पाहिला नाही. तुकडा कोळणीच्या लेकीकडे अजून आहे.