खाष्ट सासूच्या घरची बोलणी

जर्सी सिटीत आमच्या समोरच्या दारात राहणाऱ्या इजिप्शियन बाईंना मी आधी ऐकलं, मग पाहिलं. बिल्डिंगच्या लाँड्रीत कुणीतरी त्यांचे ओले कपडे मशीनमधून काढून टेबलावर टाकले होते आणि समोर कुणीही नसताना त्या अरबीत त्या अज्ञात इसमाचा खरपूस समाचार घेत होत्या. मला एक अक्षर कळलं नाही. ते कपडे मी काढले नव्हते, तरीही मी टोपली घेऊन निमूट मागे फिरले.

२००४च्या सुमाराची गोष्ट. नवरा सकाळी ट्रेन पकडून मॅनहॅटनला जायचा. डिपेंडंट व्हिसावर मला नोकरी करता येत नव्हती, आणि पुण्यात बँकेच्या काउंटरवर दिवसभर तोंड चालवलेल्या बाईला रिकामं घर खायला उठतं. त्यामुळे बाईंनी साखर मागायला दार वाजवलं तेव्हा मी त्यांना साखरेबरोबर पोहेही दिले आणि बसवूनच घेतलं. मी त्यांना मावशी म्हणायला लागले. अर्थ सांगितल्यावर त्या म्हणाल्या, "आईची बहीण? चालेल. आजी म्हणू नकोस म्हणजे झालं." साठीच्या होत्या, मॉलमध्ये अत्तराच्या काउंटरवर काम करायच्या.

त्या खऱ्या कोण हे मला इजिप्शियन किराणा दुकानात कळलं. मी भेंडी निवडत होते. एक म्हातारी मावशींना बघून थबकली, नातीचा हात घट्ट धरला, काहीतरी पुटपुटली आणि तरातरा निघून गेली. मावशींचा चेहरा एकदम उजळला.

"काय म्हणाल्या त्या?"

"म्हणाली, देव तुझं वाटोळं करो." आणि वर म्हणाल्या, "इतकी वर्षं झाली, अजून विसरली नाही बघ!"

परतताना सगळं ऐकलं. कैरोत त्या तरुणपणी सिनेमात शिरल्या आणि नायिकेची मैत्रीण, नर्स, शेजारीण असल्या भूमिका करत राहिल्या. चाळिशीत त्यांना टीव्हीवरची एक मालिका मिळाली, रमजानच्या महिन्यात रोज दाखवली जाणारी. त्यात त्या खाष्ट सासू होत्या. पोटुशा सुनेला चहातून काहीबाही पाजायचं, ऐन ईदच्या तोंडावर तिला घराबाहेर काढायचं आणि मुलासमोर घळाघळा रडून साळसूद व्हायचं. रोजा सोडला की अख्खा देश त्यांना शिव्या द्यायला बसायचा. भाजीवाला मुद्दाम नासके टोमॅटो द्यायचा. हे सांगताना त्यांना कोण अभिमान! पुढे नवरा वारला, आणि शाळेत त्यांच्या छोट्या मुलीच्या डब्यातलं कुणी खाईना. तेव्हा मात्र त्यांनी चालतं काम सोडलं आणि मुलीला घेऊन अमेरिका गाठली.

ती मुलगी आता फार्मसिस्ट झाली होती. आईच्या अरबीला ती कायम इंग्लिशमध्येच उत्तर द्यायची. तिने एक मुलगा पसंत केला, न्यू जर्सीतलाच, इजिप्शियन, इंजिनियर. नाव ठेवायला जागा नाही. मावशी हरखून गेल्या. पण मुलाच्या आईने साफ नकार दिला. "त्या बाईच्या घरात माझा मुलगा द्यायचा? मी सगळे भाग पाहिलेत."

माझा नवरा खो खो हसला. "यार, सिरीयल आहे ती! एवढं कळत नाही?" मला हसू आलं नाही. सांगलीत माझ्या आईने एकदा नाट्यगृहाच्या दारात एका नटीला गाठून, "स्वतःच्या जावेशी असं वागताना लाज नाही वाटली?" असं चारचौघांत विचारलेलं आहे. आईला खरं-खोटं कळतं, पण राग तो राग.

मावशींनी त्या बाईंना फोन केला. बोलता बोलता त्यांना रडू कोसळलं, अगदी मनापासून. पलीकडून उत्तर आलं, "वा, अगदी तस्संच. मुलासमोर रडायचीस तसंच." मावशी फोन ठेवून माझ्याकडे आल्या आणि स्वयंपाकघरात उभ्याच राहिल्या. "आता मी काय करू? खरं रडले तरी लोक टाळ्या वाजवणार." त्यांना इतकं हरलेलं मी कधी पाहिलं नव्हतं, आणि मला त्या न पाहिलेल्या बाईचा भयंकर संताप आला.

मुलगी म्हणाली, "मॉम, लेट इट गो. आम्ही सिटी हॉलमध्ये लग्न करतो." मावशींना ते नको होतं. त्यांच्याकडे दोन्ही घरं एकत्र बसून फातिहा म्हणतात, कुराणातली छोटीशी प्रार्थना. ती म्हटली की लग्न ठरलं, आपल्याकडे सुपारी फुटते तसं. त्याशिवाय मुलीला सासरी पाठवणं त्यांना चोरीचं वाटत होतं.

शेवटी मुलाने हट्ट धरला आणि त्याची आई एकदा चहाला यायला कबूल झाली. फक्त चहाला. मावशींनी लगेच तालमी सुरू केल्या. माझ्या सोफ्यावर मला विहीणबाई करून बसवायच्या आणि समोर नम्रपणे उभ्या राहायच्या. "तुमच्यासारख्या घरात माझी मुलगी पडली हे आमचं भाग्य."

"इतकं गोड नका बोलू मावशी, मलाच संशय येतोय."

"मग तू जरा नीट बस ना! विहीण आहेस, झोपाळू मांजर नाहीस!"

त्यांनी भिंतीवरचे स्वतःचे फोटो उतरवले आणि एक मळकट तपकिरी झगा शोधून काढला. मला ते बघवत नव्हतं. या बाईला स्वतःच्याच घरात इतकं लहान व्हावं लागावं?

पाहुणे मावशींकडे आले; धीराला म्हणून मीही होते. मुलाची आई ठेंगणी, रुमालात चेहरा आवळलेला, पर्स मांडीवर घट्ट धरून कोचाच्या काठावर बसलेली. वडील गप्प. मुलगा माझ्या शेजारी बसून हळू आवाजात इंग्लिशमध्ये मला सगळं सांगत होता. चहा आला. विहीणबाईंनी आपल्या ग्लासाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. मला क्षणभर उलगडा होईना. मग आठवलं, ती सून आणि तो चहा! मी माझा ग्लास उचलून दोन मोठे घोट घेतले आणि जिवंत असल्याची खात्री पटेल अशी हसले.

मावशींनी घसा साफ केला. पहिलं वाक्य ठरल्याप्रमाणे आलं. विहीणबाईंच्या ओठांची घडी आणखी घट्ट झाली. तेवढ्यात मुलगी मध्येच बोलली, आणि चक्क अरबीत, अडखळत, चुका करत.

"तंत," ती म्हणाली, म्हणजे आपल्याकडच्या काकू, "मी ती मालिका कधी पाहिली नाही. मला एवढंच माहीत आहे की आईला काम फार आवडायचं आणि तिने ते माझ्यासाठी सोडलं. मी तिला कधी थँक यू म्हटलं नाही. आज तुमच्यासमोर म्हणते."

मावशींनी पुढचं वाक्य बोलायला तोंड उघडलं, पण त्या ठरलेलं सगळं विसरल्या होत्या. ती सगळी वाक्यं मला पाठ होती, पण इंग्लिशमध्ये; त्यांचा इथे काय उपयोग! मावशी मुलीकडे बघता बघता हमसून हमसून रडायला लागल्या. खांदे हलत होते, चेहरा वेडावाकडा झाला होता. झग्याच्या बाहीने त्यांनी नाक पुसलं, पुन्हा पुसलं.

विहीणबाई बघत होत्या. परीक्षकासारख्या, पुढे वाकून. मग त्यांनी पर्स उघडली, टिश्यूचं पाकीट काढलं आणि उठून मावशींच्या हातात दिलं.

"मालिकेत तुझं नाक कधी वाहिलं नव्हतं," त्या म्हणाल्या.

मावशी रडता रडताच हसल्या. "तिथे वाहू द्यायचे नाहीत," त्यांनी कसंबसं उत्तर दिलं. मुलगा मला सांगता सांगता थांबला.

विहीणबाई मावशींच्या शेजारी टेकल्या आणि नवऱ्याकडे वळल्या. त्यांचं बोलणं ऐकून मुलाने माझा हात दाबला. मला भाषांतराची गरजच नव्हती, तो सूर मी माझ्या आईच्या तोंडून जन्मभर ऐकला आहे.

"अहो, बसलाय काय नुसते? म्हणा फातिहा!"

मुलाच्या वडिलांनी गडबडीने दोन्ही तळहात उघडले आणि म्हणायला सुरुवात केली.