अण्णा एकदा आले होते

अक्का गेल्याला आता दीड महिना होईल. त्या सकाळी मी लातूरच्या दवाखान्यात तिच्या खाटेजवळच होतो. तरीही ती गेल्याचं मला दुसऱ्या कुणीतरी सांगावं लागलं. तिच्या तोंडावर ऊन येतंय म्हणून मी खिडकीचा पडदा ओढत होतो. मागून नर्स हळूच म्हणाली, "सर, राहू द्या आता..."

अक्का म्हणजे माझी थोरली बहीण, मंगल. सिनेमाच्या पडद्यावर तिच्या नावाआधी 'छायालेखन' असा शब्द यायचा. आमच्या देवणीत मात्र शेवटपर्यंत ती फोटोवालीच राहिली. "मुंबईला स्टुडिओ टाकलाय म्हणं तुमच्या अक्कानं," असं लोक विचारायचे आणि मी हो म्हणून मोकळा व्हायचो. शिकायला म्हणून लातूरला मामाकडे राहिली, तेव्हा ती शेजारच्या फोटो स्टुडिओत जाऊन बसू लागली. लग्नाच्या मुलींना फोटो काढून घ्यायला बाई बरी वाटायची, म्हणून मालकानं तिच्या हातात कॅमेरा दिला. पुढं पुण्याला जाऊन ती सिनेमाचं चित्रण शिकली. शिकून मास्तरीण होईल, एवढ्याच समजुतीवर अण्णांनी जाऊ दिलं होतं. अण्णा, म्हणजे आमचे वडील, देवणी जातीच्या गाई-बैलांचे शौकीन. घरच्या वळूला प्रदर्शनात हार पडला की आठ दिवस तोच विषय. लेकीबद्दल मात्र चारचौघांत बोलायचे नाहीत.

मुंबईत अक्कानं नऊ वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली काढली. भिंगांच्या पेट्या वाहायच्या, नटाच्या नाकापासून कॅमेऱ्यापर्यंत टेप धरून अंतर मोजायचं. फोनवर ती हे सगळं हसत सांगायची. मी तोवर लातूरला कॉलेजात पदार्थविज्ञान शिकवायला लागलो होतो. एका उन्हाळ्याच्या सुट्टीत माझ्या मनात आलं, तिला न सांगता-सवरता अण्णांना तिच्यापुढं नेऊन उभं करावं. आईनं धपाटी बांधून दिली आणि आम्ही निघालो.

एका जुन्या बंगल्यात शूटिंग चाललं होतं. आम्ही दोरीच्या अलीकडे, गर्दीत उभे राहिलो. धोतर, टोपी, काखेत धपाट्यांची पिशवी... अण्णा टाचा उंचावून तिला शोधत होते. ती दिसली ती जिन्यावर. दोन्ही हातांत जड पेट्या, आणि वरून एक माणूस ओरडत होता, "ए, पाय उचल जरा." ती पळतच वर गेली, रिकामी खाली आली, पुन्हा पेट्या घेऊन निघाली. तिसऱ्या खेपेला पायरी चुकली आणि गुडघ्यावर आपटली. आसपासचे दोघे-तिघे हसले. तीही हसली, आणि पेट्या उचलून चालू लागली.

"चल," अण्णा म्हणाले.

"भेटायचं नाही?"

"न्हाई. मी आलतो हे तिला कळता कामा नये. शपथ हाय तुला." बरंच चालून गेल्यावर ते म्हणाले, "बापानं असं बघितलं म्हणल्यावर लेकरू मान वर करंल का माझ्यापुढं?"

परतीच्या गाडीत आम्ही दोघंही जेवलो नाही. धपाटी शेजारच्या बाईला देऊन टाकली.

पुढं तिला स्वतःचे सिनेमे मिळाले. पहिला लातूरला लागला तेव्हा ती मुद्दाम आली. थिएटरच्या दाराशी मला एकट्याला बघून तिची नजर माझ्या मागं गेली. "गाय व्यायला झालीय," मी म्हणालो. त्यानंतर दर सिनेमाला काही ना काही कारण निघत गेलं. अण्णांना त्या पडद्यामागं तो जिनाच दिसत असावा. अक्काला वाटायचं, मास्तरीण न होता ती सिनेमात गेली याचा त्यांचा राग अजून गेलेला नाही. एकदा तिनं सरळ विचारलंही. मी म्हणालो, "वय झालंय त्यांचं." वर्गात मी दिवसाचे सहा सहा तास बोलतो. ते एक वाक्य काही माझ्या तोंडून निघालं नाही.

मग अक्काला रक्ताचा आजार निघाला. मुंबईच्या डॉक्टरांनी हात टेकल्यावर मी तिला लातूरला आणलं. अण्णा एसटीनं आले आणि तिच्या पायथ्याशी बसून तिचे पाय चेपू लागले. ते चहाला बाहेर गेले तेव्हा ती म्हणाली, "सदा, त्यांनी एकदा तरी यायला पाहिजे होतं रे. मी काय करते ते बघायला."

मी तसाच बाहेर गेलो. "अण्णा, आता सांगू का तिला?"

त्यांनी कप खाली ठेवला. "उद्या मीच सांगतो," म्हणाले.

दुसऱ्या दिवशी अक्कानं डोळे उघडले नाहीत. अण्णा तिच्या कानाशी वाकले आणि सगळं सांगत बसले... बंगला, जिना, पेट्या, धपाटी. "आलतो मी, बाई. बघितलं मी तुला," हेच पुन्हा पुन्हा. डॉक्टर माझाच जुना विद्यार्थी. मी त्याला बाजूला घेऊन विचारलं, "तिला ऐकू आलं असेल का?" तो खाली बघत म्हणाला, "सर, खरंच सांगता येत नाही." त्यानंतर ती एकच दिवस होती.

आता दर रविवारी मी देवणीला जातो. अण्णा गोठ्यापुढं बाजेवर बसलेले असतात. मागच्या खेपेला म्हणाले, "तिचं ते काय हाय ते दाव." मी फोनवर तिचा सिनेमा लावून दिला. बराच वेळ बघून त्यांनी विचारलं, "ह्यात ती कुठाय?"

"ती दिसत नसते, अण्णा. काढणारा दिसत नाही."

ते पुढं बघत राहिले. एक बाई बांधावरून चालत चाललीय आणि कॅमेरा तिच्या पाठोपाठ, अशी जागा आली. अण्णांनी फोन डोळ्यांजवळ नेला. "हे हलतंय कामून?"

"तिथं कॅमेरा अक्काच्या खांद्यावर होता. श्वास घेतला की चित्र तेवढं हलतं."

ती जागा निघून गेली. थोड्या वेळानं त्यांनी फोन माझ्यापुढं धरला.

"परत लाव," म्हणाले.