मायचं गाणं मी दुरुस्त केलं

चंद्रपुरात राहून अँग्लो-नॉर्मन शिकते म्हटलं की लोक आधी माझ्याकडे बघतात, मग हसतात. मी शिकवते त्या कॉलेजातले एक सर तर हमखास विचारायचे, "काऊन मॅडम, आपल्याकडचे वाघ मोजून झाले का?" मी त्यांना दर वेळी तेच सांगायची. फ्रान्समधल्या नॉर्मंडीच्या लोकांनी इंग्लंड जिंकलं, आणि पुढं कित्येक पिढ्या तिथल्या दरबारात, कोर्टात, मठांत जी फ्रेंच चालली ती ही. इंग्लंडच्या मातीत वाढली, तिथलीच झाली. पॅरिसवाले तिला हसायचे. हे वाचलं तेव्हाच मी तिच्या प्रेमात पडले, कारण मी इथल्या सावली तालुक्यातली. पुण्यात एम.ए. करताना माझ्या तोंडून "मले" निघालं की अख्खा वर्ग फिदीफिदी हसायचा. महिन्याभरात मी "मला" म्हणायला शिकले, आणि गावी आले तरी तेच म्हणत राहिले.

पीएच.डी. करताना माझा सगळा राग ही हस्तलिखितं छापणाऱ्या जुन्या संपादकांवर. इंग्लंडात कुणीतरी आपल्या तिथल्या फ्रेंचमध्ये एखाद्या संताची कथा लिहून ठेवलेली असायची, आणि हे महाशय तिला अशुद्ध समजून पॅरिसच्या वळणावर आणून छापायचे. अरे, तुम्हाला विचारलं कोणी? मी प्रबंधात त्यांना असं झोडपलं की गाइडबाई म्हणाल्या, "जरा सबुरीनं घ्या, मेलेत ते बिचारे."

त्याच सुमारास कॉलेजात लोकगीतांवर चर्चासत्र ठरलं. धानाच्या रोवण्यात, म्हणजे भातलावणीत, बाया चिखलाच्या बांधीत रांगेनं वाकतात, एक जण गाणं उचलते आणि बाकीच्या मागून म्हणतात. आमच्या गावात उचलणारी माझी माय. मी फोन घेऊन तिच्यापुढं बसले, तर ती माझ्यावरच डाफरली, "रोवना नाई, पानी नाई, कोरड्यात कोनी मनते का वो?" शेवटी घमेलंभर पाणी आणलं, त्यात पाय ठेवले, तेव्हा कुठं गळा मोकळा झाला. वीसेक गाणी म्हणाली. मी ती वहीत उतरवली, निबंध वाचला, टाळ्या घेतल्या. फोन भरला तेव्हा रेकॉर्डिंग पुसून टाकलं. वहीत आहे ना, मग झालं.

यंदा मायला लकवा झाला. उजवी बाजू गेली आणि बोलणं गेलं. तोंडातून नुसता "ऊं ऊं" आवाज, आणि डोळ्यांत एवढं पाणी की बघवत नाही. बोलणं शिकवणाऱ्या थेरपिस्ट बाई म्हणाल्या, "कधीकधी बोलण्याआधी गाणं परत येतं. त्यांच्या आवाजातलं काही असेल तर रोज ऐकवा. हे पहिले महिनेच कामाचे."

मी फोन पालथा घातला, लॅपटॉप पालथा घातला. मोबाइलच्या दुकानात जाऊन रडले. दुकानदार म्हणाला, "भाभी, गेलं ते गेलं." मग गावातल्या बायांकडे गेले. त्यांना मागून म्हणायचं तेवढंच येत होतं. पुढचं माय ऐन वेळी जोडत जायची, ते कोण ध्यानात ठेवणार? उरली माझी वही.

वही उघडली. माय म्हणाली होती, "पान्यात उभी मी, मले चिखल धरते." मी लिहिलं होतं, "पाण्यात उभी मी, मला चिखल धरतो." पानोपानी हेच. जिथं शब्द कळला नाही तिथं ओळच गाळलेली, आणि समासात माझ्याच अक्षरात शेरा: निरर्थक. हा उद्योग मी कधी केला, मला आठवतही नव्हतं. हाताला इतकी सवय झाली होती. लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण! त्या मेलेल्या संपादकांना मी काय काय बोलले होते, आणि इथं जिवंत मायच्या तोंडातून मीच तिचं गाणं काढून घेतलं होतं. एक-दोन ओळी मी परत तिच्यासारख्या करून पाहिल्या. गाळलेल्या ओळी कुठून आणणार?

तरी दुसऱ्या दिवशी दुपारी तिच्या खाटेजवळ बसले. दुसरं होतं काय माझ्याकडे? जमेल तशा चालीत वाचत गेले. माय निमूट ऐकत होती, सर्व्हेला आलेल्या बाईचं ऐकावं तशी. मला राग आला. तिचा नाही, माझाच. वही बाजूला ठेवून मी म्हटलं, "माय, ओयखलं का वो? तुहंच गानं आहे हे."

तिनं माझ्याकडे बघितलं. ओठ वाकडे झाले, मानेची शीर ताणली.

"नाई," ती म्हणाली. अगदी साफ.

मी थेरपिस्ट बाईंना फोन लावला. त्या इतक्या खूश झाल्या की काय सांगू. "शब्द आला! अहो, पहिला शब्द आला! काय वाचत होता, तेच रोज वाचा." मी हो म्हटलं. तो शब्द कशाचं उत्तर होता, ते त्यांना सांगितलं नाही.