अण्णांचा पाट अंदमानात

समुद्र ओलांडायला बोटीतच बसावं लागतं असं काही नाही. आमच्या ठाण्याच्या घरी ओटीवर जेवायला बसलं तरी पुरतं. माझ्या कृपेने एका दुपारी अकरा सज्जनांनी तो ओलांडला, आणि तोही सोवळ्याचे मुकटे नेसून.

आजच्या पोरांना यात काय मोठंसं, असं वाटेल. पण तो काळच निराळा. विलायतेला जाऊन आलेल्या माणसाला तेव्हा कोणी पंक्तीला घेत नसे. आधी पंचगव्य, प्रायश्चित्त, मग पान. आणि मला नेमकी त्याच दुपारी नोकरी मिळवायची होती!

नोकरी भूगोलाच्या मास्तराची. ठाण्यात नवी शाळा निघाली होती आणि मास्तर नेमणं कल्याणच्या अण्णांच्या हाती होतं. भूगोलाचा तर मला कोण नाद! गणितात दोनदा सपाटून आपटलो होतो, पण युरोपातल्या राजधान्या झोपेतसुद्धा धडाधड सांगायचो (विचारत कोणीच नसे, तरी सांगायचो). आई विहिरीवर निघाली की तिच्या पाठीमागे जाऊन व्होल्गा कुठल्या समुद्राला मिळते ते ऐकवायचो. एवढं असून माझा अर्ज तीन महिने पडून होता. शेवटी माझ्या वडिलांनी, म्हणजे नानांनी, अण्णांना जेवायलाच बोलावलं. सोबत शास्त्रीबुवा, माझे काका आणि आळीतली मंडळी धरून अकरा पानं. अण्णा सोवळ्याओवळ्याचे भारी कडक आहेत, त्यांच्यासमोर तोंड जरा आवर, असं नानांनी मला दहादा बजावलं.

मी तोंड उघडणारच नव्हतो. मी जग काढून दाखवणार होतो!

बहीण सासरी आणि आई चुलीपुढे, त्यामुळे पानांपुढे रांगोळी घालायचं काम माझ्याकडे आलं होतं. आईने सांगितलं, साध्या दोन रेघा ओढ. मी दोनच ओढल्या. एक विषुववृत्त, दुसरं कर्कवृत्त. मग मात्र हात थांबेना. तासाभरात आमच्या ओटीवर अख्खी पृथ्वी उतरली. समुद्राला कपड्यांची नीळ, वाळवंटांना हळद, आणि नकाशात इंग्रजांचा मुलूख लाल असतो म्हणून त्याला कुंकू. आता इंग्रजांनी जग किती घेऊन ठेवावं याला काही धरबंध? आईची कुंकवाची डबी ऑस्ट्रेलियातच संपली आणि कॅनडाला गेरूवर भागवावं लागलं. आफ्रिकेच्या मधल्या भागात काय आहे ते तेव्हा कोणालाच धड ठाऊक नव्हतं, तिथे मी पाण्याचा हंडा ठेवला. देशोदेशी पाट मांडले, अण्णांचा मानाचा पाट विलायतेत. घामाने थबथबलो होतो, पण आनंद पोटात मावत नव्हता.

मी हातपाय धुवायला गेलो आणि तेवढ्यात आईने घोटाळा केला. अण्णांना जेवताना वारा लागावा म्हणून तिने त्यांचा पाट उचलून ओटीच्या उघड्या, रस्त्याकडच्या बाजूला नेऊन मांडला. मी परत येतो तो मंडळी स्थानापन्न! अण्णा तर रांगोळीवर खूश होते. इतके रंग त्यांनी राजवाड्यातही पाहिले नव्हते म्हणे.

इथे मी गप्प बसायला हवं होतं. पण छे! हे रंग नसून देश आहेत, हे मी सांगायला लागलो. काकांना म्हटलं, तुम्ही फ्रान्सात आहात, इथे लोकांनी स्वतःच्या राजाचं डोकं उडवलं. काकांचा हात मानेकडे गेला. शेजारच्या दामूअण्णांना रशियातल्या थंडीने माणसांची नाकं कशी गळतात ते सांगितलं. शास्त्रीबुवा अरबस्तानात होते, त्यांना उंटाच्या दुधाबद्दल चार गोष्टी सांगितल्या. कल्याणच्या अण्णांनाही गंमत वाटू लागली.

"आणि मी कुठे रे?" त्यांनी कौतुकाने विचारलं.

"अंदमानात, अण्णा."

अंदमान म्हणजे काळं पाणी. खुनी आणि दरोडेखोर जन्मठेपेला जातात ती जागा! नानांनी डोळे मिटून घेतले. मी घाईघाईने सावरायला गेलो, की बेट तसं झकास आहे, नारळ पुष्कळ. त्याने अण्णांचा चेहरा आणखीच उतरला.

तेवढ्यात शास्त्रीबुवांच्या डोक्यात प्रकाश पडला. अंदमानात जायचं म्हणजे समुद्र ओलांडायला हवा! त्यांनी स्वतःच्या पायांकडे पाहिलं. तळवे निळे! "शिव शिव" म्हणत ते अरबस्तानातून उठले, आणि त्यांच्यामागे सगळं जग उठलं. काका म्हणाले, अहो ही नुसती नीळ आहे. शास्त्रीबुवांनी त्यांना विचारलं, देवाचं नुसतं चित्र असलं तरी आपण हात जोडतो की नाही? मग समुद्राचं चित्र तो समुद्रच. कोणीतरी म्हणालं, अण्णा कल्याणहून येताना खाडी ओलांडूनच आले ना? शास्त्रीबुवांनी निकाल दिला की खाडी म्हणजे समुद्र नव्हे, आणि शिवाय येताना अण्णा उपाशी होते. (हे कुठल्या ग्रंथात आहे, ते मला अजून सापडलेलं नाही.)

नाना केरसुणी आणायला धावले. पण आईने त्यांना अडवलं. पानं वाढून झाली होती, पुसायला गेलं तर सगळी नीळ अन्नात. वरणावर साय धरायला लागली होती. अण्णा खांद्यावर उपरणं टाकून निघायच्या बेतात होते. माझी नोकरी डोळ्यांदेखत ओटीच्या पायऱ्या उतरू लागली होती आणि मी कळवळून ओरडलो, "सगळ्यांनी हिंदुस्थानात या!"

शास्त्रीबुवांनी विचार केला आणि स्वदेशी परतायला आचमनावर परवानगी दिली. आता अडचण एवढीच होती, की हिंदुस्थान मी तीन पाटांचा काढला होता. त्यात अकरा पाट! अण्णांना दिल्ली दिली. नाना सिंधमध्ये अंग चोरून बसले. काकांचा डावा गुडघा काही केल्या लंकेतून निघेना, पण तिथे प्रभू रामचंद्र जाऊन आले आहेत म्हणून शास्त्रीबुवांनी तो गुडघा चालवून घेतला. पानं एकमेकांवर चढली. बंगालच्या पानातली कढी मद्रासेत उतरत होती आणि आई चिमट्यात धरल्यासारखी दोन मांड्यांमधून वाट काढत वाढत होती.

मग शास्त्रीबुवांनी विचारलं, की पूर्व कुठली? पूर्वेला तोंड करून जेवलेलं बरं.

अहो, इतक्या वेळात पहिल्यांदा कोणीतरी भूगोलाचा प्रश्न विचारला! माझी छाती फुगली. मी रस्त्याकडे हात करून म्हटलं, "ही! ब्रह्मदेशाची बाजू!" नाना काहीतरी बोलू बघत होते, पण मी त्यांना खुणेने गप्प केलं. आपल्या घरातला भूगोलाचा जाणकार कोण, हे त्यांना कळायला हवं होतं. अकराही पाट रस्त्याकडे वळले आणि मंडळींनी आपोशन घेतलं. आपोशन घेतलं की पान संपेपर्यंत पाट सोडायचा नाही, अशी रीत.

आधीच या गोंधळात दुपार कलली होती. पुरणपोळी वाढेपर्यंत ऊन समोरच्या कौलांखाली आलं आणि थेट हिंदुस्थानात शिरलं. अकराच्या अकरा माणसं डावा हात कपाळाला लावून उजव्या हाताने जेवायला लागली. अण्णांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी. मला वाटलं, आमटी तिखट झाली. मी धावत जाऊन त्यांना तूप वाढलं.

अण्णांनी मान वर केली. आवाज अगदी मऊ होता. "बाळ, दुपारी सूर्य कुठल्या दिशेला असतो?"

"पश्चिमेला!" मी खणखणीत उत्तर दिलं.

"मग हा कुठून आलाय?"

मी सूर्याकडे पाहिलं, मग ब्रह्मदेशाकडे पाहिलं. नकाशात पूर्व उजव्या हाताला असते, म्हणून मी आपला स्वतःचा उजवा हात धरून चाललो होतो, आणि उभा होतो उत्तरेकडे पाठ करून. सगळी पृथ्वी मी उलटी मांडली होती! आई दारातून म्हणाली, "मला विचारायचंस. मागल्या दारी तुळशीला पाणी घालताना रोज सकाळी सूर्य समोर असतो माझ्या."

मला धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं असं झालं. (पण कुठल्या देशातून आत जायचं, तेही आता सांगता आलं नसतं.) मंडळी कशीबशी जेवून उठली. प्रत्येकाच्या मुकट्याला मागून हिंदी महासागर लागला होता. मी हात धुवायला पाणी घालत होतो आणि माझेच डोळे भरून येत होते.

अण्णांनी हात पुसले, माझ्याकडे नीट पाहिलं आणि एकदम खदखदून हसायला लागले. हसता हसता त्यांनी खांबाचा आधार घेतला. "उत्साह आहे हो तुमच्या पोरात," ते नानांना म्हणाले. "सोमवारपासून ये रे. पण भूगोलाला हात लावायचा नाही. तू इतिहास शिकव. त्याला दिशा लागत नाहीत."

सोमवारी माझ्या वाट्याला पहिलाच धडा आला तो हिंदुस्थान शोधायला निघून अमेरिकेला जाऊन थडकलेल्या दर्यावर्दीचा. बिचारा मरेपर्यंत म्हणत राहिला, की मी हिंदुस्थानातच पोचलो! मी तो धडा अशा पोटतिडकीने शिकवला, की पोरंसुद्धा त्या दर्यावर्दीसाठी हळहळली. मागच्या बाकावर बसून ऐकणारे अण्णा उठले आणि जाता जाता हेडमास्तरांना म्हणाले, "माणूस बरोबर निवडलाय. विषयाचा स्वतःचा अनुभव आहे त्याला."